दिवाणजींना हवा असलेला निकाल

अपील करायला चाळीस पानं लागतात आणि मागे घ्यायला चार ओळी. ‘सदर अपील आम्ही स्वेच्छेने व विनाअट मागे घेत आहोत, तरी ते निकाली काढावे, ही विनंती.’ खाली सही, तारीख, संपलं. चौतीस वर्षं पुण्यात आधी विक्रीकराची, मग व्हॅटची आणि शेवटी जीएसटीची कामं केली. त्यात या चार ओळी मी किती वेळा टाइप केल्या याची गणती नाही. बहुतेक वेळा त्याबद्दल पक्षकारांनी मला पेढे आणून दिले. एका अर्जाचं मात्र तसं झालं नाही, आणि तो अर्ज निवृत्त होऊन दोन वर्षं झाली तरी माझ्या मानगुटीवरून उतरत नाही.

कर सल्लागार म्हणजे व्यापाऱ्यांना कर बुडवायला शिकवणारा माणूस, असा लोकांचा समज असतो. प्रत्यक्षात आमचा अर्धा जन्म कागद शोधण्यात जातो. बुधवार पेठेतले एक इलेक्ट्रॉनिक्सवाले वर्षभराची बिलं गव्हाच्या पत्र्याच्या डब्यातून आणायचे, माझ्या टेबलावर उपडी करायचे आणि म्हणायचे, “निवडा.” मी निवडायचे. उरलेला अर्धा जन्म सह्या मिळवण्यात जातो. त्यावर आमच्या धंद्यात सगळ्यांनीच एक तोड काढली होती, ती इथे सांगणं भाग आहे.

पाडव्याला वहीपूजन झालं की पक्षकार फराळाचा डबा घेऊन ऑफिसात यायचे. मी त्यांच्यापुढे तीस-चाळीस कोऱ्या कागदांचा गठ्ठा ठेवायचे. प्रत्येक कागदावर खाली उजव्या कोपऱ्यात पेन्सिलीची फुली, तिथे सही करायची. वर्षभरात कधी मुदत वाढवून मागायची असते, कधी सुनावणी पुढे ढकलायची असते. दरवेळी सहीसाठी शेठ लोकांना दुकानातून कोण उठवणार? शेठ खूश, मीही खूश. हे कायद्यात बसतं का, असं कोणी विचारलं असतं तर मी त्याला उलट विचारलं असतं, “आपण पुण्यात नवीन का?”

वसंतशेठ माझे जुने पक्षकार. मार्केट यार्डात त्यांचा गाळा, खोबरं, खारीक आणि मसाल्याच्या मालाचा. मोजकं बोलणारा माणूस. त्यांच्याकडे नारायणराव खैरे म्हणून दिवाणजी होते. गाळ्यावर आलेला-गेलेला माल लिहिणारा, हमालांपासून ट्रकवाल्यांपर्यंत सगळ्यांशी बोलणारा माणूस म्हणजे दिवाणजी. गादीवर शेठ बसतो, पण गाळा दिवाणजी चालवतो. खैरे मांजरी गावाहून सायकलवर यायचे, पुढे मोपेडवर. बावीस वर्षं त्यांनी त्या गाळ्याच्या चाव्या सांभाळल्या.

व्हॅटच्या काळातली गोष्ट. नियम असा होता, की माल विकत घेताना तुम्ही विकणाऱ्याला जो कर दिला, तो पुढे तुमच्या स्वतःच्या करातून वजा करून मिळायचा. पण विकणाऱ्याने तो कर सरकारात भरलाच नाही आणि गाशा गुंडाळला, तर? तर करखातं विकत घेणाऱ्याला धरायचं, कारण तो निदान जागेवर सापडायचा. वसंतशेठनी ज्याच्याकडून खोबऱ्याच्या साठ गोण्या घेतल्या, तो व्यापारी असाच पसार झाला. तपासणी झाली आणि आदेश आला. त्यात लिहिलं होतं, की मुळात माल आलाच नाही, बिलं नुसती कागदी आहेत, आणि करदात्याने वजावट लाटण्यासाठी ती तयार करून घेतली.

तो सौदा दिवाणजींच्या ओळखीतून झाला होता. यार्डात असल्या गोष्टी पसरायला दुपार पुरते. दिवाणजीने कागदावरच माल आणला, शेठचे पैसे त्या व्यापाऱ्याबरोबर वाटून खाल्ले, असं लोक बोलू लागले. वसंतशेठ होही म्हणाले नाहीत आणि नाहीही म्हणाले नाहीत. आठ दिवस दिवाणजींनी वाट पाहिली. मग एका सकाळी त्यांनी चाव्यांचा जुडगा गादीवर ठेवला आणि शेठना म्हणाले, “कोर्ट म्हणंल माल आला व्हता, त्या दिवशी परत येतो.” शेठनी त्यांना थांबवलं नाही.

खात्यातलं पहिलं अपील आम्ही हरलो. दुसरं न्यायाधिकरणात दाखल केलं. न्यायाधिकरण म्हणजे करखात्याचे निर्णय तपासणारं वेगळं कोर्ट. आमचे लोक येरवड्याला सुनावणीला जातात. त्यानंतर दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी दिवाणजी माझ्या ऑफिसच्या दारात उभे राहू लागले. पांढरा लेंगा-सदरा, हातात काळी रेक्झिनची बॅग.

“तारीख काय लागली, बाई?”

“पुढची पडली, दिवाणजी.”

“बॅग ठिवू का? समदे कागद हायेत यात.”

“आत्ता नको. आपण कायद्याच्या मुद्द्यावर लढतोय. कागद लागले की सांगते.”

खरं सांगायचं तर त्यांचा मला कंटाळा यायचा. ते माझे पक्षकार नव्हते, फी शेठ देत होते. तारखाही मीच मागून घेत होते. विकणाऱ्याच्या पापाची शिक्षा घेणाऱ्याला द्यावी का, हा प्रश्न वरच्या कोर्टात पडून होता. तिथे काय होतं ते बघावं, तोवर आपलं भिजत घोंगडं ठेवावं, असा माझा हिशेब. आमच्या धंद्यात याला शहाणपण म्हणतात. एकदा मी त्यांना म्हटलं, “दिवाणजी, निकालाची एवढी घाई कशाला? वसुलीला स्थगिती आहे, शेठना कोणी हात लावत नाही.”

“घाई शेठला न्हाय, मला हाय. पोराला दाखवायचाय निकाल.”

“मुलगा इंजिनिअर ना तुमचा? अहो, निकालपत्राची भाषा आम्हालाच कळत नाही, त्याला काय कळणार!”

ते हसले नाहीत. “यवढंच कळलं तरी बास. माल आला व्हता.”

अशी अकरा वर्षं गेली. अकरा वर्षांत ती बॅग मी एकदाही उघडली नाही.

मग सरकारने जुन्या थकबाकीसाठी अभय योजना आणली. वादातल्या कराचा ठरावीक हिस्सा भरा, बाकीचा कर, व्याज, दंड सगळं माफ. अट एकच, चालू असलेलं अपील विनाअट मागे घ्यायचं. वसंतशेठनी अपिलाच्या वेळी जी रक्कम भरली होती तीच योजनेत पुरत होती. म्हणजे खिशात हात न घालता सुटका. मुदतीला तीन दिवस उरले होते, माझ्याकडे अशी एकोणीस अपिलं होती आणि खात्याची वेबसाइट दर दहा मिनिटांनी मान टाकत होती. मी शेठच्या फाइलमधला सही केलेला कोरा कागद काढला, प्रिंटरमध्ये घातला आणि सहीच्या वर त्या चार ओळी छापल्या. शेठना फोन केला नाही. करायला हवा होता असं तेव्हा मनातही आलं नाही. मी त्यांचं भलंच करत होते ना!

न्यायाधिकरणात सदस्यांनी अर्ज वाचला आणि रीतीप्रमाणे विचारलं, “पक्षकाराची संमती आहे?”

“आहे,” मी म्हटलं.

दीड मिनिटात अपील निकाली निघालं. पुढे माफीचा आदेश आला, तो मी शेठना मोबाइलवर पाठवला. त्यांनी जोडलेल्या हातांचं चित्र पाठवलं. मला वाटलं, संपलं एकदाचं.

सोमवारी दिवाणजी आले.

“तारीख काय लागली, बाई?”

“बसा, दिवाणजी. आता तारीखबिरीख नाही. सुटलो आपण!”

त्यांचा चेहरा असा उजळला, की मलाच बरं वाटलं. “निकाल लागला?”

“निकाल नाही, अपील मागे घेतलं. अभय योजनेत. सगळं माफ झालं.”

ते उभेच होते. बॅगेचा पट्टा त्यांनी दोन्ही हातांनी धरला.

“माफ?” ते म्हणाले. “माफ कुणाला करत्यात, बाई? ज्यानं केलंय त्याला.”

 शेकडो वेळा मी हा शब्द वापरला होता. कर माफ, व्याज माफ, दंड माफ. त्याचा हा अर्थ कोणाला लागू शकतो हे माझ्या डोक्यात कधी शिरलंच नव्हतं.

“शेठनी सही केली?” त्यांनी विचारलं.

“त्यांचीच सही आहे.”

“वाचून केली?”

दिवाणजींनी बावीस वर्षं गाळ्यावर कागद हाताळले होते. पाडव्याचा गठ्ठा त्यांना काय माहीत नव्हता? पूर्वी शेठच्या सह्या झाल्या की तो गठ्ठा मोजून माझ्या हातात तेच द्यायचे. मला खोटं बोलता आलं नाही. कोऱ्या कागदावर मीच छापलं, शेठना विचारलं नाही, असं मी सांगून टाकलं. त्यांनी बॅग माझ्या टेबलावर ठेवली, म्हणाले, “आता हिचं काय काम,” आणि जिना उतरून गेले.

मी बॅग उघडली. उघडली म्हणजे, दोन तास तिच्याकडे बघत बसल्यावर उघडली. आत तोलाईच्या पट्ट्या होत्या, साठ गोण्यांचं वजन एकेक करून लिहिलेलं, खाली तोलणाऱ्याची सही. हमालीच्या पावत्या होत्या. ट्रकची पावती होती. हे सगळे तिऱ्हाईत लोकांचे कागद, शेठना घरी बसून बनवता येणार नाहीत असे. आणि सगळ्यात तळाशी गाळ्याच्या आवक वहीच्या एका पानाची झेरॉक्स. ‘खोबरे, साठ गोणी, उतरवून घेतले.’ तारीख तीच, बिलावरची.

अक्षर दिवाणजींचं नव्हतं. त्यांचं अक्षर गोल, शाळामास्तरांसारखं. हे तिरकं, घाईचं होतं, आणि खालची सही मी डोळे मिटून ओळखली असती. दर पाडव्याला चाळीस-चाळीस वेळा ती माझ्यासमोर झाली होती.

माल स्वतः वसंतशेठनी उतरवून घेतला होता.

 हे पान आणि त्या पट्ट्या पहिल्या वर्षी पुढे ठेवल्या असत्या, तर दोन तारखांत काम झालं असतं. त्यासाठी कायद्याचा एकही मुद्दा लागला नसता. मी दिवाणजींना फोन लावला.

“दिवाणजी, हे शेठचं अक्षर आहे!”

“हां. त्या दिवशी मी गाळ्यावर न्हवतोच. पोराच्या कॉलेजच्या ॲडमिशनला गेलो व्हतो. शेठनीच माल घेतला.”

“अहो, मग शेठना आठवण का नाही करून दिलीत? एका वाक्यात संपलं असतं!”

“मालकाला कसं म्हणू, तुम्ही इसरलात म्हणून? समदा बाजार बोलत व्हता तवा. चारचौघांत त्यांचं काय राहिलं असतं? कोर्टानं वही मागवली असती, तर त्यांचं त्यांनाच दिसलं असतं.”

 अकरा वर्षं हा माणूस चोर म्हणवून घेत होता, कारण मालकाला ‘तुम्ही विसरलात’ म्हणणं त्याच्या रीतीत बसत नव्हतं. आणि त्याचा सगळा भरवसा माझ्यावर होता. मी कधीतरी बॅग उघडीन यावर.

मी म्हटलं, “अपील पुन्हा चालू करायला अर्ज करता येतो. मी काय केलं ते मला शपथेवर लिहून द्यावं लागेल. देईन मी.”

“मग शेठची माफी जाईल?”

“बहुतेक जाईल.”

“मग नगो,” ते म्हणाले आणि फोन ठेवला.

इथे एक कबूल करते. त्यांनी ‘नगो’ म्हटल्यावर मला सुटल्यासारखं वाटलं. शपथपत्र दिलं असतं तर माझी नोंदणी गेली असती, चौतीस वर्षांच्या नावावर पाणी पडलं असतं. ते सुटल्यासारखं वाटणं मी स्वतःला अजून माफ केलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी मार्केट यार्डात गेले. वसंतशेठ गादीवर होते. आधी कोऱ्या कागदावरच्या सहीचं सांगितलं. त्यांनी हात झटकला. “ते सोडा हो. विचारलं असतंत तरी मी होच म्हटलं असतं.”

“दिवाणजींना निकाल हवा होता, शेठ.”

“त्यांना कोणी काढलं होतं?” शेठचा आवाज चढला. “स्वतः गेले ते. ज्याने काही केलं नाही तो माणूस चाव्या ठेवून जातो का?”

मी झेरॉक्स त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी चष्मा लावला, काढला, पुसला, पुन्हा लावला. मग उठून माळ्यावर गेले. मूळ वही त्यांनी स्वतः शोधून आणली, धुळीने सदरा माखला होता. पान काढून ते उभ्यानेच वाचत राहिले.

“तोलणाऱ्याशी भांडलो होतो मी त्या दिवशी,” ते म्हणाले. “एका गोणीत दोन किलोचा फरक आला होता म्हणून. आत्ता आठवतंय. इतकी वर्षं एकदाही आठवलं नाही.” ते खाली बसले. “बाई, मी त्या माणसाला चोर समजत होतो. बोललो नाही कधी, पण समजत होतो.”

वसंतशेठच्या डोळ्यांत पाणी मी त्यापूर्वी कधी पाहिलं नव्हतं. त्यांना पाण्याचा ग्लास द्यायचंही मला सुचलं नाही.

रविवारी सकाळी आम्ही दोघं मांजरीला गेलो. दिवाणजी आता मुलाच्या फ्लॅटमध्ये राहतात, सातव्या मजल्यावर. गॅलरीतून अजून थोडा ऊस दिसतो आणि बाकी सगळ्या क्रेनच क्रेन. दार दिवाणजींनीच उघडलं. शेठना बघून ते गडबडले, खांद्यावरचा टॉवेल काढून त्यांनी सोफा पुसला आणि स्वतः उभे राहिले. शेठ बसेनात. दोन म्हातारे समोरासमोर उभे.

“दिवाणजी, माल आला होता,” शेठ म्हणाले. “मी उतरवून घेतला होता. माझी चूक झाली.”

“जी,” दिवाणजी म्हणाले. एवढंच. पण त्यांची मान ताठ झाली, आणि त्यांनी आतल्या खोलीकडे तोंड करून मोठ्याने हाक मारली, “प्रकाश! हिकडं ये. शेठ काय म्हणत्यात ऐक.”

प्रकाश बाहेर आला. तिशी ओलांडलेला, मोठ्या कंपनीत असलेला, सुस्वभावी मुलगा. तो शेठच्या पाया पडला, माझ्याही पडला. शेठनी सोफ्यावर बसून त्याला सगळं पहिल्यापासून सांगितलं. वही आणली होती, ती दाखवली. आपली सही दाखवली. त्या दिवशी दिवाणजी गाळ्यावर नव्हतेच, तुझ्या ॲडमिशनला गेले होते, हेही सांगितलं. प्रकाशने मान हलवत ऐकून घेतलं. वहीकडे त्याने नीट पाहिलंही नाही. मग तो शेठजवळ बसला आणि त्यांचा हात हातात घेतला.

“काका, तुम्ही एवढ्या लांब आलात, हे सगळं केलंत, थँक्यू. खरंच, फार मोठं मन आहे तुमचं.” त्याने वडिलांकडे पाहिलं, अगदी मायेने. “बाबा, तुम्ही उगाच इतकी वर्षं मनाला लावून घेतलंत. मी कधी काही म्हटलंय का तुम्हाला? आपली परिस्थिती काय होती, माझी फी किती होती, मला माहितीये ना. तुम्ही जे केलंत ते माझ्यासाठीच केलंत. आय नेव्हर जज्ड यू. आता शेठकाकाच विसरायचं म्हणतायत, तर सोडा ना.”

वसंतशेठनी उघडी वही पुन्हा त्याच्यापुढे धरली.  हातात वही होती, सही होती, सही करणारा माणूस समोर बसला होता, आणि ते सगळं त्या मुलाला एका भल्या मालकाचा मोठेपणा वाटत होता.

“फीसाठी मी दोन गुंठं इकलं व्हतं,” दिवाणजी हळूच म्हणाले. प्रकाशने त्यांच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाला, “हो बाबा,” आणि चहा टाकायला आत गेला.

तो आत जाईपर्यंत दिवाणजी थांबले. मग माझ्याकडे वळले. आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

“बघितलंत ना, बाई? म्हणून निकाल कोर्टाचा पाहिजे व्हता.”